ही छत्री कोणाची?

जुलै महिना, धो धो पाऊस आणि विरारहून सुटलेली सकाळची लोकल. लेडीज डब्यात नेहमीचंच दृश्य. चौथ्या सीटवर अर्धवट टेकलेल्या आम्ही, रॅकवर बॅगांचा डोंगर आणि खिडकीच्या दांडीला लटकलेली एक निथळणारी निळी छत्री. तिचं पाणी नेमकं एका काकूंच्या डब्याच्या पिशवीवर पडत होतं. काकूंनी आवाज लावला, "ही छत्री कोणाची?"

सगळ्या एकमेकींकडे बघायला लागल्या. कोणी बोलेना. शेवटी दाराजवळची एक मुलगी म्हणाली, "मघाशी माझ्याकडे होती काकू, पण माझी नाहीये. मी नुसती धरली होती. भाईंदरला उतरल्या ना, त्यांची असेल."

डबा हसला. मी मात्र हसले नाही, कारण माझ्या मांडीवरच्या वहीत त्या दिवशीच्या टेस्टचा धडा उघडा होता. स्पॅनिशमध्ये मालकी कशी सांगायची आणि कशी विचारायची! आणि तो अख्खा धडा त्या दोघींनी दोन वाक्यांत उरकला होता. काकूंचा प्रश्न म्हणजे 'दे किएन एस एस्ते पाराग्वास?' मुलीचं 'माझ्याकडे होती' म्हणजे 'तेनेर' हे क्रियापद. आणि 'माझी नाहीये' म्हणजे 'नो एस मिओ'. आमच्या क्लासला याच धड्याला दोन आठवडे लागले होते. का लागले, तेच आज सांगायचंय.

इंजिनिअरिंगवाल्यांना स्पॅनिश कशाला, असं काहीजण विचारतीलच. सुमारे ५० कोटी लोकांची ती मातृभाषा आहे, मेक्सिकोपासून अर्जेंटिनापर्यंत आणि स्पेन धरून २० देशांची ती कारभाराची भाषा आहे. उद्या नोकरीत तिकडचा क्लायंट भेटला तर दोन शब्द कामाला येतील. पण माझा मुद्दा तो नाही. स्पॅनिश शिकावी की नाही यापेक्षा ती कुठल्या दारातून शिकावी, यावर मला बोलायचंय.

मी दर शनिवारी दादरच्या एका क्लासला जाते. शिकवणाऱ्या बाई जीव तोडून शिकवतात, त्याबद्दल तक्रार नाही. पण फळ्यावरचं प्रत्येक वाक्य इंग्रजीत सुरू होतं आणि स्पॅनिशमध्ये संपतं. मी दहावीपर्यंत मराठी मीडियम. म्हणजे माझ्या डोक्यात गाडी धावणार ती मराठी, मग इंग्रजी, मग स्पॅनिश अशी. आता मला सांगा, नालासोपाऱ्याहून वसईला जायचं असेल तर कोणी आधी दादर गाठतं का? (सीट मिळावी म्हणून नालासोपाऱ्याची मंडळी आधी उलटी विरारला जातात, ती गोष्ट वेगळी!) पहिला महिनाभर मी वर्गात तोंडच उघडलं नाही. वाटायचं, आपलं इंग्रजी कच्चं म्हणजे आपली स्पॅनिशही कच्चीच राहणार.

मग ती टेस्ट झाली. पहिलाच प्रश्न होता 'अवर स्कूल'चं स्पॅनिश लिहा. मागच्या बाकावरच्या दोघा इंग्रजी मीडियमवाल्यांनी लिहिलं 'नुएस्त्रो एस्कुएला'. त्यांचं लॉजिक असं, की आम्ही मुलगे, म्हणून शब्द पुल्लिंगी. मी लिहिलं 'नुएस्त्रा एस्कुएला'. मला नियम पाठ होता म्हणून नव्हे. 'आमचा शाळा' हे माझ्या तोंडून मेले तरी निघालं नसतं, म्हणून! एस्कुएला स्त्रीलिंगी, शाळाही स्त्रीलिंगी. बोलणारे मुलगे असोत की मुली, शाळा ती 'आमची'च.

इथे जरा थांबून बघू. इंग्रजीतले 'हिज' आणि 'हर' मालकाकडे बघतात. मालक पुरुष की बाई, एवढंच त्यांना कळतं. वस्तू कुठली, एक की दहा, याच्याशी त्यांना देणंघेणं नाही. स्पॅनिश बघते वस्तूकडे. मिओ, मिआ, मिओस, मिआस. वस्तू बदलली की शब्द बदलला. आणि आपण शाळेत काय घोकलं होतं? षष्ठीचे प्रत्यय चा, ची, चे... माझा भाऊ, माझी बहीण, माझे भाऊ, माझ्या बहिणी. हे आपल्याला कोणी शिकवावं लागतच नाही, दुधाबरोबर पोटात गेलेलं असतं. मराठीत नपुंसकलिंग जास्तीचं आहे आणि 'त्याचा', 'तिचा' म्हणताना आपण मालकाकडेही बघतो, म्हणजे आपण एक पायरी पुढेच. स्पॅनिशमध्ये 'कुयो' म्हणून एक शब्द आहे, म्हणजे 'ज्याचा'. 'एल निन्यो कुया माद्रे...' म्हणजे 'ज्या मुलाची आई...'. मुलगा पुल्लिंगी असला तरी शब्द 'कुया' होतो, कारण तो आईकडे बघतो. क्लासमध्ये हे पटवायला बाईंना अर्धा तास लागला. मराठीतून सांगितलं असतं तर अर्धं मिनिटही लागलं नसतं.

दुसरा नमुना बघा. 'मी हात धुतो' याचं इंग्रजी करताना आपल्याला 'माय हँड्स' म्हणायला शिकवलं. आपण घरी कधी 'मी माझे हात धुतो' म्हणतो का? आई लगेच विचारेल, "मग काय शेजारणीचे धुणार होतास?" स्पॅनिश माणूसही म्हणत नाही. 'मे लावो लास मानोस', त्यात 'माझे' नाहीच. आपल्या अंगाला चिकटलेली गोष्ट आपलीच असणार, ती पुन्हा काय सांगायची, असा दोन्ही भाषांचा हिशेब. आम्ही मात्र वर्गात आधी इंग्रजीतला 'माय' घालायला शिकलो आणि मग स्पॅनिशसाठी तो काढायला शिकलो. याला म्हणतात दुप्पट सबमिशन!

आणखी एक गंमत. कोणाचं म्हणणं पटलं की इंग्रजीत माणूसच 'राइट' होतो. स्पॅनिशमध्ये म्हणतात 'तिएनेस रासोन', शब्दशः 'तुझ्याकडे योग्य कारण आहे'. आपण म्हणतो 'तुझं बरोबर आहे'. म्हणजे इथेही मालकीच! बरोबर असणं ही त्या माणसाची वस्तू. वाद संपला की ती वस्तू दुसऱ्याकडे जाऊ शकते, माणूस आहे तिथेच राहतो. मला तरी हे जास्त शहाणपणाचं वाटतं.

आता, मराठी प्रत्येक वेळी वाचवते असं मी म्हणणार नाही. त्याच टेस्टमध्ये 'मला दोन बहिणी आहेत' याचं मी लिहिलं 'आ मी सोन दोस एर्मानास', आणि बाईंनी लाल पेनाने आडवी रेघ मारली. दोष माझा आणि माझ्या मराठीचाही. आपल्याकडे इंग्रजी 'हॅव'सारखं क्रियापदच नाही. आपण सगळं 'आहे'वर भागवतो आणि आधीच्या शब्दाला प्रत्यय किंवा शब्दयोगी लावून घेतो. मला बहीण आहे. माझ्याकडे पुस्तक आहे. माझ्यात हिंमत आहे. माझ्या अंगात ताप आहे. चार प्रकारचं 'असणं'! स्पॅनिश या चारही ठिकाणी एकच शब्द फेकते, 'तेंगो'. तेंगो ऊना एर्माना, तेंगो उन लिब्रो, तेंगो बालोर, तेंगो फिएब्रे. भूक लागली तरी 'तेंगो आंब्रे' आणि वय सांगायचं तरी 'तेंगो बेइंते आन्योस', म्हणजे 'माझ्याकडे वीस वर्षं आहेत'. आपण म्हणतो 'मी वीस वर्षांची आहे', म्हणजे तिथे आपणच वर्षांच्या मालकीचे! हा सगळा फरक मला कळला तो इंग्रजीतून नाही. घरी येऊन वहीत मराठी वाक्यं एकाखाली एक लिहिली आणि प्रत्येकापुढे 'तेंगो' मांडलं, तेव्हा. चूकसुद्धा आपल्या भाषेतून बघितली की लवकर सापडते.

आणि काही ठिकाणी तर स्पॅनिशच आपल्यापुढे गरीब आहे. 'सु कासा' म्हणजे त्याचं घर, तिचं घर, त्यांचं घर आणि आदराने बोलत असाल तर तुमचंसुद्धा घर. कोणाचं ते कळावं म्हणून त्यांना 'ला कासा दे एया' असं लांबण लावावं लागतं. आपलं 'तिचं' म्हटलं की काम झालं. शिवाय 'आमचं' आणि 'आपलं' हा भेद त्यांच्याकडे नाही, दोन्हीला 'नुएस्त्रो'. हा भेद किती मोठा आहे ते विरार लोकलने रोज जाणाऱ्याला विचारा. ग्रुपवाल्या बायका नेहमी 'ही आमची सीट' म्हणतात, 'आपली सीट' म्हणताना कोणी ऐकलंय?

असो. आता थोडं आपल्या वसईबद्दल.

स्पॅनिशमध्ये मालकी सांगायचा मुख्य शब्द 'दे'. 'ला कासा दे मि आबुएलो' म्हणजे घर माझ्या आजोबांचं. आपला 'चा' शब्दाच्या मागे लागतो, त्यांचा 'दे' पुढे उभा राहतो, एवढाच फरक. प्रश्न विचारतानाही तेच. 'दे किएन' म्हणजे 'कोणाचं'. मालक अनेक असतील तर 'दे किएनेस', आणि आपण म्हणतो 'कोणाकोणाचं'. हा 'दे' वसईकरांना परका वाटायचं काहीच कारण नाही. तो आपल्या हजेरीपटावर बसलेला आहे! डिसोझा, डिसिल्वा, डिमेलो... पोर्तुगीज आणि स्पॅनिश या सख्ख्या बहिणी, 'दे' दोघींचा एकच. सोझा ही उत्तर पोर्तुगालमधली नदी, म्हणजे डिसोझा हे आपल्या भाषेत सरळ 'सोझाकर'. सिल्वा म्हणजे रान, म्हणून डिसिल्वा म्हणजे 'रानाकडचा'. १५३४ ते १७३९ अशी २०५ वर्षं वसई पोर्तुगीजांकडे होती. त्या काळात बाप्तिस्म्याबरोबर ही आडनावं इथे आली आणि तो छोटासा 'दे' इथेच राहिला. माझ्या वर्गातल्या ज्या मित्राच्या आडनावात तो आहे, त्याला मी हे सांगितलं तर तो म्हणाला, "म्हणजे मी जन्मापासून स्पॅनिशचा पहिला धडा गळ्यात घालून फिरतोय?" तर काय!

आणि १५८० ते १६४० या साठ वर्षांत स्पेनचे राजेच पोर्तुगालच्या गादीवर होते. तरी पोर्तुगालच्या मुलुखांचा कारभार पोर्तुगीजांकडेच राहील, असं वचन राजाने दिलेलं होतं. तेव्हा वसईच्या किल्ल्यासमोर कोणी 'दे किएन एस?' असं विचारलं असतं तर उत्तर काय आलं असतं? राजा स्पेनचा, पण किल्ला पोर्तुगालचा. 'माझ्याकडे आहे, पण माझा नाही'. अगदी त्या छत्रीसारखं!

त्याच काळातला वसईचा एक मुलगा आठवा, संत गोन्सालो गार्सिया. वसईत जन्म, वडील पोर्तुगीज, आई इथली. लहान वयात जेझुइट पाद्र्यांबरोबर जपानला गेला, तिथली भाषा शिकला. पुढे मनिलाला स्पॅनिश फ्रान्सिस्कन संघात दाखल झाला. १५९३ मध्ये मनिलाहून स्पॅनिश मंडळी जपानचा सत्ताधीश हिदेयोशी याला भेटायला गेली, तेव्हा त्यांचा दुभाषा म्हणून गेला तो हा वसईकर. १५९७ मध्ये नागासाकीला त्यांना सुळावर मरण आलं आणि १८६२ मध्ये संतपद मिळालं. वसईत त्यांच्या नावाचं कॉलेज आहे, त्याच्यावरून आपण कितीदा जातो. पण चारशे वर्षांपूर्वी स्पॅनिश आणि जपानी माणसांच्या मधे उभं राहून बोलणारा हा आपल्या गावचा माणूस होता, आणि त्यासाठी त्याला मधे इंग्रजीचा जिना लागला नव्हता, हे आपल्या लक्षातच येत नाही.

आता मुख्य गोष्ट, जिच्यामुळे मी हा लेख लिहायला बसले.

आगाशीला आमची छोटी वाडी आहे. केळी, थोडी पानवेल, एक विहीर. ती पूर्वी आमची नव्हती. पणजोबा ती कुळाने कसायचे. सातबाऱ्यावर त्यांचं नाव 'इतर हक्का'च्या रकान्यात होतं. मग १९४८ चा कुळकायदा आला. पुढे १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन ठरला आणि कसणाऱ्या कुळाने ती जमीन विकत घेतली असं कायद्याने मानलं गेलं. किंमत ठरली, हप्ते भरले आणि ३२-म चं सर्टिफिकेट हातात आलं. पणजोबा इतर हक्कातून उठून भोगवटादाराच्या रकान्यात जाऊन बसले. एकाच कागदावरचे दोन रकाने, पण 'माझ्याकडे आहे' आणि 'माझी आहे' यातलं अंतर तेवढंच असतं आणि ते कापायला आमच्या घराला एक पिढी लागली. ते सर्टिफिकेट आजोबांनी अजून पत्र्याच्या पेटीत जपलंय. आता वाडीच्या तीन बाजूंना बिल्डिंगा आहेत आणि आठवड्याला कोणी ना कोणी फाटकाशी येऊन विचारतो, "काका, ही जागा कोणाची?"

एका रविवारी मी ओटीवर अभ्यास करत होते. आजोबांनी विचारलं, "काय गं, तुझ्या त्या भाषेत 'कसेल त्याची जमीन' कसं म्हणतात?"

मी सवयीप्रमाणे व्हाया दादर गेले. इंग्रजीत ही घोषणा 'लँड टू द टिलर' अशी आहे. त्यावरून शब्द जुळवले, 'तिएर्रा पारा एल लाब्रादोर'. आजोबांना वाचून दाखवलं आणि अर्थ सांगितला, "जमीन शेतकऱ्यासाठी."

आजोबा म्हणाले, "साठी? साठी कशाला? कोण देतंय त्याला? त्याचीच ना ती!"

मी गप्प. स्पॅनिशचा एक शब्द न येणाऱ्या पंच्याऐंशी वर्षांच्या माणसाने माझी चूक पकडली होती. इंग्रजी घोषणेत जमीन कोणीतरी कोणाला तरी देतो. मराठी घोषणेत देणारा नाहीच. कसेल, त्याची. तो षष्ठीचा 'ची' हीच तर सगळी लढाई!

मग मी शोधायला लागले आणि सापडलं. मेक्सिकोत १९१० साली क्रांती सुरू झाली. तिथे मोरेलोस प्रांतात आपल्या गावच्या जमिनी परत मिळाव्यात म्हणून लढलेला शेतकऱ्यांचा पुढारी एमिलियानो झपाटा. त्याच्या नावाशी जोडलेली घोषणा अशी, 'ला तिएर्रा एस दे किएन ला त्राबाखा'. शब्दाला शब्द लावला तर, जमीन आहे त्याची, जो ती कसतो. 'दे किएन'! तेच शब्द, ज्यांनी छत्री कोणाची ते विचारतात. प्रश्नातही तेच आणि उत्तरातही तेच. 'कोणाची?' 'कसेल त्याची.'

आजोबांना सांगितलं. त्यांनी मान डोलावली. "हां, आता बरोबर. हा शेतीतला माणूस दिसतो."

मित्रांनो, मोरेलोस आणि आगाशी यांच्यात अर्ध्या पृथ्वीचं अंतर आहे. तरी ती दोन वाक्यं एकाच साच्यातली निघाली आणि मधे इंग्रजी घातली तेव्हा नेमका त्यातला प्राण निसटला. यावर मला काय म्हणायचंय ते आता सरळच सांगते. परकी भाषा शिकताना आपण आपली भाषा चपलेसारखी वर्गाबाहेर काढून ठेवतो, ते बंद करायला हवं.

कोणी म्हणेल, वर्गात सगळेच मराठी नसतात. मान्य. पुस्तकं इंग्रजीतच मिळतात. तेही मान्य. वर्ग इंग्रजीतून चालू दे, माझी हरकत नाही. मी स्वतः थर्मोडायनॅमिक्स इंग्रजीतूनच शिकते, आणि केटी लागली तर तीही इंग्रजीतूनच लागेल. पण वहीचं डावं पान तर आपलं आहे ना? तिथे प्रत्येक नियमापुढे मराठीतलं वाक्य लिहा. जुळतं का बघा, नाही जुळलं तर का नाही ते बघा. गुजराती असेल त्याने गुजरातीतून लिहावं, कोकणी असेल त्याने कोकणीतून. वर्षभराच्या अशा दहा वह्या एकत्र केल्या तर पुढच्या बॅचसाठी एक छोटं पुस्तक सहज होईल. आपल्या लायब्ररीत गेटच्या गाइडांशेजारी ते ठेवायला काय हरकत आहे?

आणि हे काही जगावेगळं नाही. विल्यम कॅरीने मराठीचं व्याकरण इंग्रजीतून लिहिलं, ते १८०५ मध्ये सेरामपूरला निघालं. तो माणूस आपली भाषा शिकला तो स्वतःची भाषा घेऊन शिकला. त्याने काही मधे तिसरी भाषा शोधली नाही. मग परकी भाषा शिकताना आपणच एवढे का बुजतो?

परवाच्या टेस्टमध्ये मला किती मार्क पडले ते विचारू नका. 'दोन बहिणी' अजून सलतात. पण आता मी वर्गात हात वर करते. मधूनच "बाई, आमच्यात पण असंच म्हणतात" असं म्हणते. बाईही हसून म्हणतात, "सांग बघू कसं." गेल्या शनिवारी तर त्यांनीच फळ्यावर एका कोपऱ्यात चा, ची, चे लिहून घेतलं. खडूने, देवनागरीत.

त्या निळ्या छत्रीचं पुढे काय झालं ते मला ठाऊक नाही. चर्चगेटपर्यंत तिला मालकीण मिळाली नव्हती. पण कोणी मला विचारलं, की बाई गं, ही स्पॅनिश कोणाची? स्पेनची, मेक्सिकोची, की इंग्रजी मीडियमवाल्यांची? तर माझ्याकडे आता उत्तर आहे, आणि ते आमच्या आजोबांचं आहे.

कसेल त्याची.